चौदा एप्रिलची पावती

मित्रांनो, मला हातात घेतलेत तर प्लास्टिकचा एक पिवळट तुकडा वाटेन. एके काळी मी क्रेडिट कार्ड होते. आज मी एका जुन्या फायलीत पडून आहे आणि माझा राग अजून गेलेला नाही. तो का गेला नाही, तेच सांगते.

माझा जन्म १९९४ सालच्या फेब्रुवारीतला. गरम ठशाखाली दाबून माझ्या अंगावर आकडे उठवले आणि त्यांच्याखाली एक नाव : संघप्रिया गायसमुद्रे. बोट फिरवले तर डोळे मिटूनही वाचता यावे असे ते नाव होते.

संघप्रियाताई मूळच्या उदगीरकडच्या. काशीमिऱ्याजवळच्या एका औषध कंपनीत त्या टायपिस्ट म्हणून लागल्या आणि बारा वर्षांनी कार्यालयाच्या मुख्य कारकून झाल्या. मीरा रोडला दोन खोल्यांच्या घरात त्या, पोस्टात नोकरी करणारे त्यांचे यजमान समाधान आणि सासूबाई कमळाबाई राहत. मी घरी आले तेव्हा कमळाबाईंनी मला उलटसुलट करून पाहिले. "तुझं नाव हाये व्हय यावर? उठून दिसतंय की!" त्या म्हणाल्या. मला फार अभिमान वाटला. त्या उठावाचाच पुढे घात होणार आहे हे मला कुठे ठाऊक होते!

दोन एप्रिलला ताईंनी बढतीचे जेवण दिले. वरसाव्याच्या पुलाजवळच्या एका हॉटेलात त्यांच्या विभागातली पाच माणसे जेवली. बिल आले, ताईंनी मला वेटरच्या ताटलीत ठेवले आणि तो मला आतल्या खोलीत घेऊन गेला. त्या काळी कार्ड घासायचे एक लोखंडी यंत्र असे. त्यात मला निजवायचे, माझ्यावर कार्बनची पावती ठेवायची आणि मूठ सरकवायची, की माझी अक्षरे पावतीवर उमटत. गल्ल्यावरच्या माणसाने मूठ सरकवली. मग दाराकडे पाहिले, दुसरी कोरी पावती ठेवली आणि पुन्हा सरकवली. ती दुसरी पावती त्याने खणात टाकली. मी सगळे पाहिले. ओरडता आले असते तर हॉटेल डोक्यावर घेतले असते.

मे महिन्यात बँकेचा कागद आला. त्यात त्याच हॉटेलचा आणखी एक खर्च होता. अठराशे चाळीस रुपये, तारीख चौदा एप्रिल. ताईंनी कागद दोनदा वाचला.

"चौदा एप्रिल? त्या दिवशी मी पहाटेपासून काशीगावच्या विहारात होते! संध्याकाळी मिरवणूक. आपण सगळेच होतो."

खरेच होते. त्या दिवशी मी कपाटात, साड्यांच्या खाली होते.

समाधानभाऊ शांत स्वभावाचे. म्हणाले, "बँकेशी कोण भांडत बसणार? भरून टाक आणि मोकळी हो."

"भरलं तर मी खाल्लं असा अर्थ होतो," ताई म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी ताई बँकेच्या शाखेत गेल्या. कार्डाचे काम पाहणारा अधिकारी खुर्चीत मागे रेलून बसला होता. ताईंच्या मागे सात-आठ माणसांची रांग होती.

"मॅडम, नंबर तुमचा, नाव तुमचं. मशीन काय खोटं बोलतंय?"

"त्या तारखेला मी त्या हॉटेलात गेलेच नाही."

त्याने तारीख पाहिली आणि हसला. मग सगळ्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "चौदा एप्रिल! त्या दिवशी तुमच्या लोकांचा जोर असतो ना. झाली असेल पार्टी-बिर्टी, विसरला असाल."

मित्रांनो, त्या वेळी मी ताईंच्या मुठीत होते. त्यांनी मला इतके घट्ट धरले की माझे आकडे त्यांच्या तळहातावर उमटले. रांगेत कुणी हलले नाही. एकाने घड्याळ पाहिले.

"त्या दिवशी मी विहारात खीर वाढत होते," ताई म्हणाल्या. "पावतीची प्रत मागवा. लेखी मागतेय मी. आणि तुम्ही आत्ता जे बोललात तेही लिहून पाठवणार आहे."

"वेळ लागेल."

"लागू दे."

त्या दाराशी पोहोचल्या तेव्हा मागून एक बाई आल्या. हंसाबेन, भाईंदरला शिवणकामाचे दुकान चालवणाऱ्या. "बहेन, वो आदमी जो बोला, मैंने सुना. साक्षी में मेरा नाम लिखो. पत्ता भी देती हूँ."

ताईंनी पत्र स्वतः टाइप केले आणि रजिस्टर पोस्टाने धाडले. उत्तर आले नाही, आला तो व्याज चढवलेला नवा कागद. जुलैत तर वसुलीचा माणूसच दारात उभा राहिला आणि सगळ्या मजल्याला ऐकू जाईल असे पैसे मागू लागला. ताई कामावर होत्या. कमळाबाई चौकटीत जाऊन उभ्या राहिल्या.

"आवाज खाली कर. माझ्या सुनंनं न जेवल्याल्या जेवणाचं बिल हाये ते. जेवला त्याच्या दारात जाऊन ओरड."

तो गेला, पण शेजारच्या दोन दारांच्या फटी मिटायला वेळ लागला. संध्याकाळी हे कळले तेव्हा ताईंनी चहाचा कप इतक्या जोराने ठेवला की त्याचा कान तुटला. त्यानंतर समाधानभाऊंनी 'भरून टाक' हा शब्द काढला नाही. उलट पोस्टातून पोचपावत्या सांभाळून आणायचे काम त्यांनीच घेतले.

अखेर पावतीची प्रत आली. खाली इंग्रजीत वळणदार सही होती. ताई सही मराठीत करत, माझ्या पाठीवरही तशीच आहे. पण अधिकारी म्हणाला, "लोक दोन-दोन सह्या करतात."

ताई घरी आल्या आणि दोन एप्रिलच्या जेवणाची आपली पावती काढून दोन्ही शेजारी ठेवल्या. प्रत्येक पावतीला छापील क्रमांक असतो. त्यांच्या पावतीवरच्या क्रमांकाच्या शेवटी होते सदुसष्ट. चौदा तारखेच्या पावतीवर अडुसष्ट. मध्ये बारा दिवस, आणि क्रमांक लागून पुढचा! मग त्यांना कंपनीच्या खरेदी विभागातले दाजी आठवले. ते पाहुण्यांना त्याच हॉटेलात नेत आणि कार्डानेच पैसे देत. दाजींनी खण उपसून नऊ एप्रिलची पावती शोधली. तिचा क्रमांक त्र्याहत्तर होता.

तिन्ही पावत्यांच्या प्रती जोडून ताईंनी मुख्य कार्यालयाला लिहिले : 'नऊ तारखेला त्र्याहत्तर वापरली गेली, तर चौदा तारखेला अडुसष्ट कुठून आली?' याच पत्रात अधिकाऱ्याचे ते वाक्य जसेच्या तसे, आणि खाली हंसाबेनचे नाव व पत्ता.

पंधरा दिवसांत उत्तर आले. खर्च रद्द, व्याज रद्द, गैरसोयीबद्दल खेद. हॉटेलची कार्डसेवा बंद केल्याचेही कळवले होते. त्या वाक्याबद्दल मात्र एक अक्षर नव्हते.

ताई मला घेऊन पुन्हा शाखेत गेल्या. हॉल भरलेला होता. अधिकारी या वेळी खुर्चीत सरळ बसला.

"मॅडम, झालं ना तुमचं काम? पैसे सुटले."

"पैशाचं झालं. तुमच्या वाक्याचं राहिलंय."

त्याने टेबलावरचे कागद उगाच हलवले. "चुकलं," तो पुटपुटला.

"मोठ्यानं सांगा. तेव्हा मोठ्यानं बोलला होतात."

टाइपरायटर थांबले. पैसे मोजणाऱ्याचे बोट नोटेवरच राहिले. अधिकारी उठून उभा राहिला.

"मी बोललो ते चुकीचं होतं. माफ करा."

"ठीक," ताई म्हणाल्या. त्यांनी मला पर्समध्ये टाकले आणि त्या निघाल्या. मला कोणत्याही दुकानात त्यांनी पुन्हा काढले नाही.

मित्रांनो, माझ्यासारखे कार्ड नजरेआड जाऊ देऊ नका. पावत्या जपून ठेवा. हे तर कुणीही सांगेल. माझे मागणे वेगळे आहे. रांगेत तुमच्या पुढे उभ्या असलेल्या माणसाला कुणी असे बोलले, तर खाली मान घालून आपला नंबर यायची वाट पाहू नका. तिथल्या तिथे बोला. मी त्या दिवशी गप्प राहिले, कारण मला तोंड नव्हते. तुम्हाला आहे.