खिडकीला कायदा, आईला प्रीती

माझे दोन्ही भाऊ कराराचे मोठे जाणकार. थोरला जमिनीच्या कामांतला वकील, धाकटा चर्चचा पाळक. एक करारावर फी घेतो, दुसरा करारावर प्रवचन देतो. एवढे दोन विद्वान पोटी आले आणि म्हातारपणी आईला डोक्यावर छप्पर राहील की नाही याची पंचाईत!

वडील मोजणी खात्यात होते आणि पोरांना पुरते ओळखून होते. म्हणून घर दोघांच्या नावावर करताना त्यांनी दोन अटी घातल्या. पहिली, घराचा जो कोणी मालक असेल त्याने आईला शेवटपर्यंत याच घरात सांभाळायचं, जेवणखाण, औषधपाणी, सगळं. दुसरी, तिच्या खोलीच्या खिडकीसमोरच्या मोकळ्या जागेत काही बांधायचं नाही, आणि ही अट तिच्या सहीशिवाय उठणार नाही. एवढं करून बिचारे निर्धास्त गेले.

वर्ष उलटलं नाही तोच शेजारच्या दातांच्या डॉक्टरांनी घराला मागणी घातली. त्यांना खिडकीसमोरच्या जागेत दवाखाना बांधायचा होता. म्हणजे आईची सही हवी. तिला पटवायला मी लागणार, म्हणून दादाने मला ऑफिसात बोलावलं, चहा मागवला आणि शिकवणी सुरू केली.

"हे बघ, 'करू नका' अशी अट जमिनीला चिकटते. घर कितीही हातांत गेलं तरी खिडकीसमोर कुणाला बांधता येणार नाही. 'करा' ही अट मात्र जमिनीबरोबर जात नाही. नव्या मालकाने आईला जेवू घालावं असं कुठलंही कोर्ट म्हणणार नाही."

"म्हणजे खिडकीला संरक्षण आणि आईला नाही?"

"कायद्याच्या भाषेत, हो."

"आणि तुम्ही दोघं?"

"अगं, अट मालकावर आहे. विकल्यावर आम्ही मालक कुठे राहतो?"

हे सांगताना त्याचा चेहरा असा खुलला होता की जणू वडिलांना त्याने बुद्धिबळात हरवलं. धन्य तो कायदा, आणि धन्य त्याचा वकील! मी चहाला हात न लावता उठले.

धाकट्याची तऱ्हाच वेगळी. त्या रविवारी त्याने अब्राहामाच्या करारावर प्रवचन दिलं. पूर्वी करार करताना जनावरं कापून दोन ओळींत मांडत आणि मधून चालत जात. करार मोडला तर माझेही असेच तुकडे होवोत, असा त्याचा अर्थ. पण अब्राहाम गाढ झोपला होता, मधून गेला तो एकटा देव. "त्याने स्वतःला बांधून घेतलं!" धाकटा गहिवरून म्हणाला. बायकांनी डोळे पुसले. मीही पुसले असते, पण आईसाठी वृद्धाश्रमात खोली बघून ठेवलीय हे त्याने मला आदल्याच दिवशी सांगितलं होतं. आश्रम म्हणत नाही तो. 'विसाव्याचं घर' म्हणतो.

उपासना संपल्यावर मी त्याला दारातच गाठलं. "आपल्या घरात मधून चालत गेली ती आई. तुम्ही दोघं घोरत होतात."

अंत्यविधीला ठेवणीतून काढतो ते हसू त्याने काढलं. "ताई, प्रीती अटींत मावत नाही गं."

कशी मावेल! अटीत घातली की करावी लागते.

आईला मी माझ्याकडे चल म्हटलं होतं. भाड्याची एकच खोली आहे, पण आहे. ती म्हणाली, "तुझ्याकडे मी हौसेने येईन. हाकललेली म्हणून नाही येणार." माझ्या जिवाला घोर लागला. ही सही करणार, मला दिसत होतं. पोरांनी काही मागितलं आणि तिने नाही म्हटलं, असं आजवर झालं नव्हतं.

सहीच्या दिवशी दादाच्या ऑफिसात आम्ही सगळे जमलो. डॉक्टर सारखे घड्याळ बघत होते. कागद दादाने लिहिला होता, पण सुरुवातीला धाकट्याने हट्टाने एक वाक्य घालून घेतलं होतं: 'आम्ही सदैव आमच्या मातेचे पुत्र राहू आणि तिला कधीही अंतर देणार नाही.' वा! वाचूनच पोट भरावं.

आईने चष्मा लावला आणि वरपासून खालपर्यंत सावकाश वाचलं. मग त्या वाक्यावर बोट ठेवून थोरल्याला विचारलं, "हे इथे वर आहे, त्याने काय होतं?"

"काही नाही, आई. ती प्रस्तावना. वाचायला बरी वाटते."

"आणि खाली, अटींत असतं तर?"

दादा घुटमळला. "मग ते बंधनकारक होतं. आम्हा दोघांवर."

"मग खाली घे. घेतलंस की लगेच सही करते."

दादा धाकट्याकडे बघायला लागला, धाकटा छताकडे. शेवटी धाकटाच बोलला, अगदी मऊ आवाजात. "आई, प्रेमाला कायद्यात कशाला बांधायचं?"

"देवाने बांधून घेतलं म्हणालास ना रविवारी? का तो त्याचा मूर्खपणा?"

धाकट्याचे कान लाल झाले. डॉक्टर खाकरले. दादा वैतागून म्हणाला, "हे बघ, या वाक्याने उगाच घोळ होतोय. काढूनच टाक." धाकट्याने पेन उचललं आणि अंतर न देण्याच्या त्या वचनावर, स्वतःच्याच हाताने, एक सरळ रेघ ओढली. खाडाखोड केली की शेजारी सही लागते. वकील ते कसं विसरेल? दादाने समासात सही ठोकली, कागद धाकट्याकडे सरकवला, त्यानेही केली. मग दोघांनी मोठ्या अदबीने कागद आईपुढे ठेवला.

आईने त्या दोन सह्यांवर एकेक करून बोट ठेवलं. मग चष्मा काढून उठली आणि म्हणाली, "तुम्हा दोघांच्या सह्या झाल्या ना? बास. माझी नाही मिळणार."