ओळखीची थाप

शिंपीकाका ऑपरेशनच्या टेबलावर जागेच होते. मांडीतून घातलेल्या बारीक तारा थेट हृदयात पोचल्या होत्या, आणि काकांची धडधड नेमकी कुठून उठते ते शोधायला डॉक्टरीणबाई यंत्रातून मुद्दाम ठोके देत होत्या.

"काका, आता दोन ठोके देते, मग जरा थांबून एक. घाबरू नका हं."

धक्‌धक्... धक्.

काकांच्या अंगावर सर्रकन काटा आला. शिलाई मशीनच्या खडखडाटात कडी ऐकू येत नाही म्हणून त्यांची बायको दुकानाच्या मागच्या दारावर अश्शीच थाप मारायची. तिला जाऊन वर्ष होत आलं होतं.

"ही आली," ते पुटपुटले.

"अहो, मीच ठोके देतेय!" बाई हसल्या. "झालं, संपलं." त्यांनी यंत्र बंद केलं, तारा काढून घेतल्या.

धक्‌धक्... धक्.

पडद्यावरची रेघही तश्शीच उडाली. बाईंचं हसू मावळलं. थाप पुन्हा आली, आता जोरात. धीर कसला तो तिला कधी नव्हताच.

"डॉक्टर," काका हळूच म्हणाले, "उघडू का दार?"

"नको!" बाई किंचाळल्या, आणि दार आतून लोटून धरावं तसे दोन्ही तळवे त्यांनी काकांच्या छातीवर दाबून धरले.