ताईचा साचा

आदिमानवांचा सिनेमा म्हटला की आम्हा मेकअपवाल्यांचा पिट्टा पडतो. महिनाभर मी आणि दाजी, म्हणजे माझ्या ताईचे यजमान, नटांना रबराची जाड कपाळं आणि बसकी नाकं चिकटवत होतो. टोळीतली एक बाई मरते आणि तिला पुरतात, असा प्रसंग होता. त्यासाठी रबराचा देह हवा होता. दाजींनी फळीवरून सरळ ताईच्या चेहऱ्याचा साचा काढला.

ताई होती तेव्हा कुठलंही नवं प्लॅस्टर आधी तिच्या तोंडावर थापलं जायचं. नाकात नळ्या घालून ती गप्प पडून राहायची, आणि साचा निघाला की थोबाड सोललंत म्हणून आम्हा दोघांचा उद्धार करायची. गेल्या वर्षी ती अचानक गेली, तेव्हा दाजी लांब शूटिंगला होते. ते पोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं.

साचा बघून माझं डोकंच फिरलं. बायकोला सिनेमासाठी खड्ड्यात घालताय, इथवर माझी जीभ घसरली. साच्यावरची धूळ पुसत दाजी एवढंच म्हणाले, "मला तिला माती देता आली नाही गं."

मग साच्यातून रबराचा चेहरा निघाला, तेव्हा त्याचं कपाळ मीच जाड केलं. हनुवटीला मात्र हात लावला नाही.

पुरणाऱ्याचं काम दाजींनी मागून घेतलं. डायरेक्टरने बजावलं होतं, रडायचं नाही, माती लोटायची आणि निघायचं. कातडं पांघरून दाजी खड्ड्यात उतरले. त्यांनी तिला कुशीवर वळवलं, गुडघे पोटाशी घेतले, तळहात गालाखाली सरकवला. ताई अशीच झोपायची. मग हातांनी हळूहळू माती घातली, चेहऱ्यावर सगळ्यात शेवटी.

डायरेक्टर खूश झाला. फक्त कॅमेरा जरासा हलला होता, म्हणून बाहेर काढा, पुन्हा घेऊ म्हणाला.

दाजी जागचे हलेनात. ते नुसते माझ्याकडे बघत राहिले. मी खड्ड्यात उतरले आणि मातीत हात घालून चाचपलं. ताईचा गाल हाताला लागला, चांगला धडधाकट.

"रबर फाटलंय," मी म्हणाले. "आता नाही काढता येणार."

डायरेक्टर चरफडला, पण आहे त्यावर भागवू म्हणाला. युनिट जेवायला गेलं. मी ओंजळभर माती घातली आणि मला रडू आवरेना. रडून रडून दाजींचं रबरी नाकही सुटलं होतं. ते मी काढून घेतलं आणि त्यांचं तोंड पुसलं.