पाहुण्यांचं पाणी

"इथं डबकं होतं," भागीरथा म्हणाली आणि चालता चालता मधेच थांबली. "म्हशी बसत. गोपिकाचं घर हाये ना ते, तिथं एका म्हशीच्या पाठीवर रोज बगळा उभा राहे. पांढराफेक."

ती थांबली तशी मागची सगळी वरात थांबली. पुढे कचेरीतले साहेब, त्यांच्यामागे कॉलेजातल्या बाई, बाईंच्या मागे खांद्याला शबनम पिशव्या लटकवलेले त्यांचे विद्यार्थी, आणि सगळ्यांच्या मागे अख्खी चिचटोली. साहेबांनी गोपिकाच्या घराकडे नीट पाहिलं. बगळा काही दिसेना, म्हणून त्यांनी चष्मा पुसला.

"आगे चल वं वैनी," धोंडबा मागून दबक्या आवाजात म्हणाला. "बगळा उडाला कवाचाच."

लोक हसले. भागीरथाही हसली. तिचं असंच होतं, हे टोलीला ठाऊक होतं. माणूस इथं, मन भलतीकडे. तांदूळ निवडता निवडता ती माहेरी खाप्याला पोचायची, कन्हान नदीच्या काठी, बापाच्या हातमागाशेजारी. हाक मारली की परत यायची, पण तिथली थोडी ओल अंगावर घेऊनच यायची.

तरीही आज वस्ती दाखवायचं काम तिच्याकडे आलं होतं. कॉलेजातल्या बाईंचा हट्टच होता तसा. आजवर साहेब लोक यायचे, जीपमधूनच बघायचे, नाकाला रुमाल लावायचे आणि निघून जायचे. बाई म्हणाल्या, या वेळी वस्तीनंच वस्ती दाखवायची. वस्तीतली बाई पुढे चालेल, साहेब मागून चालतील. जी पहिल्यापासून इथं आहे, अशी बाई द्या. पहिल्यापासूनची अशी दोनच माणसं उरली होती. एक धोंडबा, टोलीचा पंच. दुसरी भागीरथा. तिच्या नवऱ्यानं, मारोतरावानं, पोत्याची आणि टिनाची पहिली झोपडी इथं उभी केली होती. पुढे गिरणीतला कापूस त्याच्या छातीत जाऊन बसला आणि तो गेला. झोपडी राहिली.

भागीरथानं हो म्हटलं ते बाईंच्या हट्टासाठी नाही. तिला नळ पाहिजे होता.

चिचटोलीत नळ नव्हता. पाणी रेल्वेलाइनीच्या पलीकडे, क्वार्टरांच्या मागच्या नळावर. बायका रूळ ओलांडून जायच्या, भरला गुंड, पितळेची घागर, डोक्यावर घेऊन रूळ ओलांडून यायच्या. मधल्या रुळावर मालगाडी उभी असली की ती हलेल कधी याचा नेम नसायचा. मग गुंड कमरेवर घ्यायचा, बसायचं, आणि डब्याखालून सरकत सरकत इकडे यायचं. दुष्काळाच्या सालात भागीरथाची सून पुष्पलता अशीच डब्याखालून येत होती. गाडीला हिसका बसला. पुष्पलता वाचली, पण गिट्टीवर अशी पडली, की पोटातलं पोर त्याच संध्याकाळी गेलं. गुंडाला साधा पोचाही आला नव्हता. भागीरथाला त्या गुंडाचा अजून राग होता.

आता पुष्पलतेला पुन्हा दिवस होते. पोट दिसायला लागलं होतं. बाईंनी सांगितलं होतं, साहेबांनी एकदा स्वतःच्या डोळ्यांनी पाहून शेरा मारला, की उन्हाळ्याच्या आत नळ येतो. भागीरथाच्या डोक्यात तेवढंच होतं. पोट जड व्हायच्या आत नळ.

बाकी सगळं टोलीनं ठरवलं. चिंचेच्या झाडाखाली बैठक बसली तेव्हा धोंडबानं स्पष्ट सांगितलं, आपल्या दारी पाहुणे येऊन राहिले. पाहुण्यासमोर कोणी रडायचं नाही, कोणी हात पसरायचा नाही. दारात आल्या माणसाला गूळ-पाणी झालंच पाहिजे. माना डोलल्या. भागीरथाचीही डोलली. त्यात न डोलण्यासारखं काही होतं, हे एकालाही सुचलं नाही. घर पोत्याचं असो की विटांचं, आल्यागेल्याच्या हातात आधी पाण्याचा लोटा, मग बाकीचं बोलणं. हे या लोकांच्या हाडात होतं.

मग बायका लागल्या कामाला. आदल्या दिवसापासून रुळांवर बायकांची रीघ. चिंचेनं आणि राखेनं पितळ घासून घासून बोटांची सालटं निघाली. दारं सारवली, सडे पडले. सकाळी प्रत्येक उंबऱ्याशी काठोकाठ भरलेला गुंड, त्यावर झाकणीत गुळाचा खडा, शेजारी लोटा. ऊन चढलं तशी सगळी गल्ली पितळेनं पेटून उठली. भागीरथा ते पाहत राहिली. नदीला दिवे सोडल्यासारखं दिसत होतं.

त्या पेटलेल्या गल्लीतून ती साहेबांना घेऊन चालली होती.

गोपिकानं लोटा पुढे केला. साहेबांनी हात आडवा केला. "नको, आत्ताच घेतलं." गुळाचा खडा मात्र त्यांनी घेतला, बोटांत धरला, आणि कोणी पाहत नाही असं पाहून रुमालात गुंडाळला. पुढच्या दारी जिजाबाईनं लोटा पुढे केला. पुन्हा हात आडवा.  मग साहेबांना तहान लागली. त्यांच्या शिपायानं खांद्यावरचा थर्मास उघडला आणि साहेब जिजाबाईच्या भरल्या गुंडाच्या शेजारी उभं राहून थर्मासातलं पाणी प्याले. कॉलेजातल्या बाईंनी मान दुसरीकडे वळवली. विद्यार्थ्यांतली एक पोरगी तेवढी पुढे झाली आणि लोटा घेऊन घटाघटा प्याली. जिजाबाईनं तिच्याकडे लेकीकडे पाहावं तसं पाहिलं.

साहेब बाटलेल्या पाण्याला भीत होते, की बाटवणाऱ्या हातांना, हे त्यांचं त्यांना माहीत. टोलीनं विचारलं नाही. टोली अशा गोष्टी विचारत नाही, मनात ठेवते.

भागीरथाला ते सगळं पाण्यातून पाहिल्यासारखं दिसत होतं. पायाखालची गल्ली मऊ झाली होती. तिला वाटलं, आपण चालत नाही, वाहून राहिलो. बाईंनीच मागे एकदा सांगितलं होतं, शहराला पाणी येतं ते कन्हानचं, मोठाल्या नळांमधून, जमिनीखालून. तेव्हापासून भागीरथाला ते ऐकू यायचं. दुपारी घर निजलं, की ती जमिनीला कान लावायची. खाप्यावरून निघालेलं पाणी, तिच्या लुगड्याचा काठ भिजवलेलं, बापाच्या सुताला खळ द्यायला नेलेलं पाणी, खालून सळसळत बंगल्यांकडे निघालेलं असायचं. तिच्या माहेरचं पाणी तिच्या दारावरून जायचं आणि ओळख द्यायचं नाही.

फेरी पुन्हा चिंचेखाली येऊन संपली. साहेबांसाठी खुर्ची मांडली होती. ते बसले, घाम पुसला, खुशीत दिसले.

"खरं सांगू का," ते म्हणाले, "मला वाटलं होतं त्यापेक्षा वस्ती फारच चांगली आहे. स्वच्छ. टापटीप. आणि पाण्याची तर काही ददातच दिसत नाही. दारोदार भरलेली भांडी आहेत. याहून वाईट वस्त्या आहेत हो शहरात. आधी त्यांचं बघायला हवं, नाही का?"

 पितळेवर ऊन तसंच पेटलेलं होतं. भागीरथा खाप्याहून परत आली, आणि इतकी लख्ख परत आली, की तिलाच भोवळ आल्यासारखं झालं.

"साहेब," ती म्हणाली, "हे पानी तुमच्यासाठी भरलं. रोज नसते. लायनीच्या पल्याडून आनतो आमी. माही सून गाडीखाली पडली होती. पोट्टं गेलं तिचं."

साहेब गोंधळले. त्यांनी बाईंकडे पाहिलं. बाईंनी टोलीकडे पाहिलं. टोलीनं धोंडबाकडे पाहिलं. धोंडबाचा चेहरा उतरला होता. पाहुणा अजून खुर्चीत होता आणि घरातली बाई त्याच्यासमोर जणू रिकामं मडकं उपडं करून दाखवत होती.

"तसं काई नाई साहेब," धोंडबा हात जोडून म्हणाला. "तिचं ध्यान राहत नाई. मघाशी बगळा दाखवून राहिली होती ना तुमाले."

"गोपिकाबाई, तुम्ही तरी सांगा ना," बाई कळवळून म्हणाल्या. "पाणी असतं का रोज?"

गोपिकानं पदर ओढून घेतला. तिच्या हाताच्या बोटांना चिंचेनं पडलेल्या भेगा होत्या. "हाये ना," ती जमिनीकडे पाहत म्हणाली. "भरपूर हाये."

साहेब उठले. भागीरथाच्या खांद्यावर त्यांनी मोठ्या मायेनं हात ठेवला. वय झालं की असं होतं, असं काहीतरी म्हणाले. जीप गेली. बाई मागे रेंगाळल्या, डोळे पुसले, मग त्याही गेल्या.

 दुपारी पाणी घरोघर काठोकाठ होतं. एवढं पाणी एकाच वेळी टोलीनं कधी पाहिलं नव्हतं. पोरांना अंघोळी घातल्या. पुष्पलता उंबऱ्यात बसून केस धुवत होती, आणि भागीरथा तिच्या डोक्यावर लोट्यानं पाणी ओतत होती. पुष्पलता हळूच म्हणाली, "राहू द्या आत्याबाई, कशाले जीवाले लावून घेता? मी हळू हळू जाईन लायनीवर." भागीरथानं लोटा खाली ठेवला. ती तशीच ओल्या हातानं धोंडबाच्या दारी गेली.

धोंडबा भिंतीला टेकून बसला होता. समोर जेवणाचं ताट तसंच होतं.

"काहून खोटं बोलला, भाऊ?"

त्यानं ताट बाजूला सारलं.

"दारात आल्या माणसाले पानी नाई म्हनू, वैनी?" तो म्हणाला. "भिवापूरले आमच्या वावरात तीन दाने मिरची पिकत नोती तवा बी माह्या बापानं कोणाले पानी नाई म्हटलं नाई."

"थो साहेब प्याला का पन?"

धोंडबानं मान खाली घातली.

"माह्या सुनेचं लेकरू तुह्या बापाच्या इज्जतीवर नेऊन ठेवलं तू," ती म्हणाली. आवाज चढला नव्हता. ती वळून घरी आली.

दुसऱ्या दिवशी सकाळी पुष्पलतेनं गुंड उचलला, तर भागीरथानं तो तिच्या हातातून काढून घेतला. तिच्या स्वतःच्या गुडघ्यांनी रूळ ओलांडायचं केव्हाच सोडलं होतं. ती निघाली. धुकं होतं, रूळ दहा पावलांवर विरघळून जात होते. बायका पुढे गेल्या, त्यांच्या बांगड्या तेवढ्या ऐकू येत होत्या.

नळावर तिच्यामागे कोणीतरी येऊन उभं राहिलं. धोंडबा. काखेत गुंड, वरून धोतराचा सोगा टाकून झाकलेला. चिचटोलीत पुरुष पाणी भरत नव्हते. रानात भरतील, हॉटेलात मालकाचं भरतील, घरचं नाही. एक पोरगी फिस्सकन हसली. गोपिकानं तिला कोपर मारलं.

रांग सरकली. धोंडबानं गुंड भरला आणि उचलून तसाच टोपीवर ठेवायला गेला. डचमळून सगळा सदरा भिजला. तेव्हा भागीरथानं त्याच्या खांद्यावरचा दुपट्टा ओढला, पिळून त्याची चुंबळ केली. धोंडबानं टोपी काढून खिशात घातली. एवढ्या बायांसमोर त्याचं उघडं डोकं कधी कोणी पाहिलं नव्हतं. केस पार विरळ झाले होते.

"पुष्पीच्या दारी नेतो," तो म्हणाला. "रोज नेत जाईन. तू नको येऊ."

 तिनं चुंबळ त्याच्या डोक्यावर बसवली, गुंडाला हात लावला.

परतताना मधल्या रुळावर मालगाडी उभी होती. डोकं इकडे दिसत नव्हतं, शेपूट तिकडे दिसत नव्हतं. बायका एकेक करून वाकल्या आणि गुंडासकट डब्यांखाली नाहीशा झाल्या. पलीकडे त्यांचे पाय तेवढे दिसले, मग तेही धुक्यात गेले.

"बसून सरकत जा लागते," भागीरथा म्हणाली.

धोंडबानं डब्याखाली पाहिलं. चाकांमधली काळी गिट्टी पाहिली. ती तो बराच वेळ पाहत राहिला. डोक्यावरचा गुंड त्यानं दोन्ही हातांनी धरून ठेवला होता. पाण्याची एक धार कानामागून गळ्यावर उतरत होती, ती पुसायला हात मोकळा नव्हता.

"गाडी जाऊ दे," तो म्हणाला.

गाडी हलेना. भागीरथानं आपला गुंड कमरेवरून डोक्यावर घेतला आणि ती त्याच्या शेजारी उभी राहिली.