दह्याचं दूध करणारं चक्र

गंगावेशीच्या चौकात संध्याकाळी म्हशी येऊन उभ्या राहतात. गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत धार काढतात आणि माणसं फेसाळ दुधाचा पेला उभ्या उभ्या संपवून तालमीकडं वळतात. त्रेपन्न सालच्या दिवाळीनंतर मात्र सगळी गर्दी म्हशींकडं पाठ करून उभी होती. म्हशींच्या छपराला लागून एक कनात लागली होती आणि आत त्रिकालनाथ महाराज काळ मागं फिरवत होते.

"पावणं, तुमी काय काचंचं हायसा व्हय? सरका की, दिसू दे!"

आत एक शिसवी पेटी. तिच्या माथ्यावर घड्याळ, बगलेला पितळी चाक. महाराज चाकाला हात घालत तसे घड्याळाचे काटे सरसर उलटे धावत.

"दही म्हणजे काय? म्हातारं झालेलं दूध! हे चक्र त्याला पुन्हा तरणं करतं. पण सांभाळा हं! एक फेरा जास्त झाला तर दुधाची वैरण होईल. आणि माणसाचं काय होईल, ते आयाबायांसमोर सांगत नाही!"

लोक हसायचे, आणि हसता हसता दोन पावलं मागंही सरकायचे. मग पेटीतून फेसाळ, कोमट दूध निघायचं. "चांगभलं!" म्हणून कनात दणाणायची.

आज पेटीपुढं उभं राहायची पाळी सरोजिनीची होती. कडेवर चार वर्षांची मिनी. नागपंचमीच्या आदल्या दिवशी पोरीला ताप भरला आणि उतरताना डावा पाय लुळा करून गेला. नवरा कबनूरला मागावर विणकामाला, आठवड्यानं घरी यायचा. त्या दिवशी मिनीला खांद्यावर टाकून दवाखान्यापर्यंत धावला तो दारात दूध घालणारा कृष्णात. तेव्हापासून ती त्याला भाऊ मानायची.

डॉक्टरांनी पायाला लाकडी फळी दिली होती. "बाई, पोर कितीही रडू दे, ही सोडायची नाही. सोडलीत तर पाय वाकडा बसेल."

मिनी फार रडायची. फळी बांधताना सरोजिनी गाणं म्हणायची आणि गाण्यातच हुंदका गिळायची. म्हणून कृष्णात जेव्हा म्हणाला, "अक्का, एकदा म्हाराजास्नी दाखवू की. काय जातंय?" तेव्हा ती गेली. महाराजांनी डोळे मिटले. "नागपंचमीच्या आदल्या दिवशी ताप. डावा पाय." सरोजिनीच्या अंगावर काटा आला. "पोरीचा पाय मी तापाच्या आधीच्या वेळेत नेतो. पण एकवीस दिवस फळी काढ. ती त्याला आजच्या वेळेला बांधून ठेवते."

तिनं काढली. डॉक्टरांकडं जायचंही टाळलं.

आज एकविसावा दिवस. घरी विरजलेलं दही आणायचं, आधी ते मागं न्यायचं, मग पाय. आणि हातातल्या सोन्याच्या पाटल्या चक्राच्या आसाला द्यायच्या. "सोन्याला काळ शिवत नाही ना, बाळ!"

तिचं दही महाराजांच्या तांब्यात ओतलं गेलं. "घरच्या भांड्याला घरचा काळ चिकटलेला असतो." दार बंद झालं, चाक फिरलं, काटे उलटे धावले. दार उघडलं तर तांब्यात फेसाळ दूध. चांगभलं!

"पहिला घोट लेकराला," महाराज म्हणाले.

मिनीनं घोट घेतला आणि तोंड वाकडं करून आईच्या पदरावर थुंकला. "हे आपलं न्हाय."

"पी गं, सोन्या. आपलंच आहे."

"न्हाय! आपलं गंगव्वाच्या शेळीचं."

पाटलीवर गेलेला सरोजिनीचा हात थांबला. तिनं तांब्यात बोट बुडवून चाटलं. घट्ट, गोड, अस्सल म्हशीचं दूध. मिनीला म्हशीचं पचत नव्हतं, म्हणून शेजारच्या गंगव्वाच्या शेळीचं यायचं. कृष्णातचं दूध चहापुरतं. काल ते नासलं, म्हणून तिनं मिनीच्या वाटचं उरलेलं विरजलं होतं. गंगावेशीत दूध म्हटलं की म्हशीचंच. दुसरं कुणाच्या डोक्यातच येत नाही.

"महाराज, माझं दही शेळीच्या दुधाचं होतं."

महाराजांनी चाकावर हात ठेवला. "बाळ, काळ फार मागं गेला की शेळीचीसुद्धा म्हैस..."

"आँ?" गर्दीतून गंगव्वा गरजली. "माझी शेळी कवा म्हैस हुती ओ? तिच्या आईलासुद्दा मी बगितलंय!"

हशा उसळला. तेवढ्यात सरोजिनी मिनीला घेऊन पेटीमागं गेली. पेटीची मागची फळी नुसती टेकवलेली होती, ती तिनं सरकवली. आत एक फिरता पाट, त्यावर मधोमध आडवा पडदा आणि दोन्ही अंगांना एकसारखे दोन तांबे. चाक फिरलं की पाट अर्धा वळायचा, दुधाचा तांब्या पुढं यायचा. तिचं दही मागं तसंच्या तसं होतं. पेटीमागं कनातीला चीर होती, आणि चिरेपलीकडं, छपरात, ताज्या धारेची चरवी घेऊन कृष्णात उकिडवा बसला होता.

"कृष्णात?"

तो उठला नाही. "अक्का..."

"नागपंचमीचं तूच सांगितलंस?"

"त्येनं इचारलं. सांगितलं."

"आणि फळी सोडायला लावली तेव्हा?"

"मला वाटलं, चार दिसानं तुमीच परत बांधशीला." त्याची नजर चरवीत होती. "मी नुसतं दूध इकलं, अक्का."

"भाऊबीजेला ओवाळलं मी तुला. तेव्हा हिचा पाय तुझ्याच मांडीवर होता."

कृष्णातनं चरवी उचलून बाजूला ठेवली. मागं म्हशीनं शेपटी हलवली.

पुढं तालमीतल्या पोरांनी महाराजांना पेटीसकट चौकीवर नेलं. एका घड्याळजीनं सगळ्यांसमोर घड्याळ उघडलं. दोन दातेरी चाकांमध्ये एक जादा चाक बसवलं होतं. तेवढ्यानं काटे उलटे फिरायचे. जगातली वेळ मात्र सुलटीच चालली होती, आणि ती मिनीच्या टाचेत साठत होती.

"शीर आखडलीय," डॉक्टर म्हणाले. ते रागावले नाहीत, त्याचंच तिला जास्त लागलं. "एकवीस दिवसांत आखडलेलं सुटायला वर्ष जाईल. पूर्ण सुटेल असं मी सांगत नाही."

सरोजिनीनं फळी बांधली. मिनी रडली. गाणं म्हणताना या वेळी तिनं हुंदका गिळला नाही. दुसऱ्या दिवशी दारात चरवी वाजली, तेव्हा तिनं कडी काढली नाही.

बायांनो, लेकराच्या दुखण्यापुढं आईची नजर अंधुक होते, त्यात लाज नाही. पण गेलेला दिवस परत देतो म्हणणारा कुणी भेटला, तर त्याच्या पेटीची मागची बाजू बघा. बरोबर नेणारं माणूस आपलं असलं तरी बघा. आपलं असलं तर आधी बघा. आणि डॉक्टरांनी बांधलेली फळी सोडू नका. मिनी आता चालते. टाच टेकत नाही, पण चालते. त्या एकवीस दिवसांचा हिशेब ती अजून मागत नाही. एक दिवस मागेल.