गाडीला लागला तर

जेवताना गाडीचा विषय काढायचा नाही, असा नियम थोरल्या दिरांनी घातला होता. त्यांना पचत नाही म्हणे. त्या गाडीत रोज मी बसत होते, तेव्हा मला काय काय पचवावं लागतं हे कुणी विचारायचं कारण नव्हतं.

आमचं गोल्फच्या सरावाचं मैदान आहे. सासऱ्यांनी काढलेलं, आता दोघे भाऊ चालवतात. म्हणजे थोरले हुकूम सोडतात आणि माझा नवरा मान डोलावतो. मैदानाच्या एका टोकाला लांबलचक पत्र्याची शेड, तिच्यात ओळीनं कप्पे. गिऱ्हाईक बादलीभर बॉल विकत घेतं, कप्प्यात उभं राहतं आणि काठीनं एकेक बॉल समोर हाणतं. बादली संपली की काठ्या पिशवीत घालून घरी जातं. बॉल मैदानात पडलेले. ते वेचायचं काम माझं. त्यासाठी एक बुटकी गाडी आहे. तिच्या पुढे फिरत्या चकत्यांची रांग, त्या बॉल उचलून टोपल्यांत टाकतात, आणि चालवणाऱ्याभोवती लोखंडी जाळीचा पिंजरा. पिंजरा अशासाठी, की मी वेचत असतानाही मारणं चालूच असतं. थांबवलं तर गिऱ्हाईक कंटाळून निघून जाईल, असं थोरल्यांचं म्हणणं.

लग्न ठरताना सासूबाईंनी मला एकच प्रश्न विचारला होता, गाडी चालवता येते का? मी मोठ्या ऐटीत हो म्हणाले. मला वाटलं, फिरायला नेणार आहेत.

तर ही गाडी सारखी मोडायची. कधी आरसा, कधी पुढची काच, कधी चकत्यांचा दांडा. जाळी तुटणं तर पाचवीला पुजलेलं, आणि तीही नेहमी डाव्या, म्हणजे शेडकडच्या अंगाची. नवरा वेल्डिंग करायचा, मग झाळ दिलेल्या जागेच्या शेजारी तुटायचं. ठिगळाला ठिगळ लावून ती जाळी आता जाळी उरलीच नव्हती. एकदा त्यातल्या भोकातून एक बॉल आत आला आणि माझ्या गळ्याच्या हाडावर बसला. गोल्फचा बॉल म्हणजे दगडच. वीतभर वर लागला असता तर डोळा गेला असता. कितीतरी दिवस मला त्या कुशीवर झोपता आलं नाही.

"हाड नाही ना मोडलं?" जाऊबाईंनी विचारलं, आणि उत्तर यायच्या आत फोन कानाला लावला.

मी नव्या गाडीचं माहितीपत्रक मिळवलं आणि काउंटरवर नेऊन ठेवलं. जाड पारदर्शक प्लास्टिकची बंद केबिन, भोक पडायचा प्रश्नच नाही. काउंटर जाऊबाईंचा. गल्ला, बादल्या, माइक, सगळं त्यांच्या ताब्यात. दीर बाजूला चहा पीत उभे होते. त्यांनी पत्रक उचललं, उलटसुलट केलं आणि त्यावर कप ठेवला.

"भाऊजी, लोक मुद्दाम गाडीवर मारतात," मी म्हणाले.

"अगं, लोकांचा नेम एवढा चांगला असता तर सराव करायला आले असते का?"

ते स्वतःच हसले. विनोद बरा होता, आणि त्याचाच मला जास्त राग आला.

"मग डावी बाजूच का तुटते?"

"तू वळवताना घासत असशील कुठेतरी," जाऊबाई म्हणाल्या. "नाचता येईना अंगण वाकडं. माझ्या हातून कधी नाही मोडली ती."

"तुम्ही बसलात कधी तिच्यात?"

"म्हणूनच तर नाही मोडली."

मी नवऱ्याकडे पाहिलं. तो जाळीचा तुटका तुकडा हातात घेऊन असा निरखत होता, जणू त्यावर काहीतरी लिहिलंय. "बघू," तो म्हणाला. त्याचं हे 'बघू' मी लग्नापासून ऐकत आले आहे. त्यातून काही दिसल्याचं मला आठवत नाही.

"शनिवार-रविवारची गर्दी होऊन जाऊ दे," दिरांनी निकाल दिला. "मग ठरवू, बदलायची की झाळायची."

एक गोष्ट मात्र मी नवऱ्याच्या बाजूनं धरून ठेवली होती. मध्यंतरी एक दिवस, सण नाही की वाढदिवस नाही, त्यानं माझ्यासाठी कानावर लावायची जाड कव्हरं आणली. चांगली गुबगुबीत, आतून मऊ. "इंजिनच्या आवाजानं कान जातील गं तुझे," म्हणाला. स्वतःच्या हातानं माझ्या डोक्यावर बसवली. त्यानंतर कितीतरी दिवस मी त्याच्याशी एक वाकडा शब्द बोलले नव्हते. सगळ्या घराशी माझं भांडण होतं, त्याच्याशी निम्मंच.

शनिवारी शेड गच्च भरली होती. मी अंतर दाखवणाऱ्या डावीकडच्या झेंड्यापाशी होते तेव्हा गाडीचा पट्टा तुटला. इंजिननं दोन आचके दिले आणि गाडी जागच्या जागी मेली. हॉर्न दाबला तर तो आधीच गेलेला. कुणाचं लक्ष आहे का, कुणी हाका मारतंय का, हे कळावं म्हणून मी कानावरची कव्हरं काढली.

मारणं चालू असताना, इंजिन बंद असताना, उघड्या कानांनी मी त्या मैदानात कधीच बसले नव्हते. बरं वाटलं. वारा होता थोडा.

मग डाव्या जाळीवर धाडकन बॉल आदळला, आणि शेडमधून आवाज आला, ठण!

घंटा. तिच्या मागोमाग टाळ्या, शिट्ट्या. आणि मग स्पीकरवर जाऊबाई. इतका गोड आवाज त्यांनी माझ्यासाठी कधी काढला नव्हता. "कप्पा नंबर चार! गाडीला लागला! एक बादली फुकट!" लोक हसले. "चला, बाकीच्यांनी घाई करा. गाडी उभी आहे, आज सोपं आहे!"

मला आधी समजलंच नाही. म्हणजे शब्द समजले, पण माझ्याबद्दल आहेत हे समजायला आणखी दोन बॉल लागले. ठण. ठण. मग मात्र डोक्यात अशी तिडीक गेली की मी दार लाथेनं उघडलं. एक टोपली रिकामी केली, डोक्यावर पालथी घातली आणि शेडच्या दिशेनं चालायला लागले.

चालणारं माणूस दिसल्यावर मधले कप्पे थांबले, मग कडेचे. चार नंबरच्या कप्प्यातला माणूस काठी पाठीमागे लपवत होता. गाडीत कुणी बाई बसते हे त्यातल्या अनेकांना तेव्हाच कळलं असावं. काहींना आधीपासून माहीत असणार, त्यांनी खाली पाहिलं.

काउंटरच्या वर एक आकडा आहे. रोज संध्याकाळी मी आत येते तेव्हा त्याला दिरांचा कोट लटकलेला असतो. आज तिथे पितळी घंटा होती, तिची दोरी जाऊबाईंच्या हातात होती, आणि बाजूला दिरांच्या वळणदार अक्षरातली पाटी: गाडीला लागला तर बादली फुकट.

"अगं, गंमत आहे ती," दीर म्हणाले. "गिऱ्हाईक किती वाढलंय बघ तरी. आणि जाळी आहे की. तुला कुठे लागतंय?"

मी कॉलर बाजूला केली. डाग अजून पिवळा होता.

"ते एखाद्या वेळेस होतं."

"म्हणून नवी गाडी नको?"

"प्लास्टिकवर आवाज होत नाही ना," जाऊबाई बोलून गेल्या. दिरांनी त्यांच्याकडे असं पाहिलं की त्यांनी दोरी सोडली. घंटा आपोआप एकदा वाजली.

म्हणजे ठरवायचं काही राहिलंच नव्हतं. ते पत्रक, तो चहाचा कप, ती 'गर्दी होऊन जाऊ दे', सगळं नाटक.

एवढ्यात नवरा मागच्या वर्कशॉपमधून पाना घेऊन आला. तो घंटेकडे पाहील असं मला वाटलं होतं. तो माझ्या हाताकडे पाहत होता. हातात कव्हरं होती.

तिथेच मला कळलं. तरी विचारलं.

"घंटा कधी लावली?"

त्यानं पाना या हातातून त्या हातात घेतला.

"आणि ही मला कधी आणलीस?"

"दादा म्हणाला, तुझ्या कानावर गेलं तर उगाच वाईट वाटेल तुला." मग तो घाईघाईनं म्हणाला, "पण इंजिनचा आवाजही होतोच की."

त्याच्या थोबाडीत मारावीशी वाटली. मारली नाही. लोक बघत होते म्हणून नव्हे, एका हातात टोपली आणि दुसऱ्यात कव्हरं होती म्हणून. ज्या वस्तूसाठी मी या माणसाला इतके दिवस माफ करत आले, ती त्यानं माझ्या कानांसाठी आणलीच नव्हती. त्याच्या भावाच्या घंटेसाठी आणली होती.

दिरांना गिऱ्हाइकांची कुजबुज ऐकू येत होती. "बरं बाई, आणू नवी गाडी," ते मोठ्यांदा म्हणाले, शेडला ऐकू जाईल असं. "सोमवारीच फोन करतो. झालं समाधान?"

"नको," मी म्हणाले.

"आता का नको?"

"गाडीला काय झालंय? चांगली आहे की. जाऊबाईंनीच सांगितलं ना, नाचता येईना अंगण वाकडं. तर अंगण राहू दे तसंच, नाचणारा बदलू. उद्यापासून हा बसेल." आणि ती कव्हरं मी नवऱ्याच्या गळ्यात अडकवली.

"हा?" दीर म्हणाले. "याला कशाला उगाच... अगं, ती जाळी डावीकडून..."

पुढचं त्यांनी गिळलं. पण तोंडातून निघायचं ते निघालं होतं, आणि शेडभर लोक ऐकत होते. नवराही ऐकत होता. मग दिरांनी स्टूल ओढलं, त्यावर चढले आणि स्वतःच्या हातानं घंटा उतरवली. पाटीही काढली. माझ्या हाडासाठी त्या स्टुलाला कुणी हात लावला नव्हता. भावासाठी दोन श्वासांचाही वेळ लागला नाही.

रविवारी मी काउंटरवर बसले. जाऊबाईंना म्हटलं, तुम्ही बादल्या धुवा. त्यांनी धुतल्या. नवऱ्यानं रात्री पट्टा बदलला होता, भोकाला नवं ठिगळ लावलं होतं. झाळ देताना त्यानं एकदाही 'बघू' म्हटलं नाही. सकाळी पिंजऱ्यात शिरण्याआधी तो माझ्याकडे वळला. मी बादल्या मोजत बसले.

लोकांना लावलेली सवय पाटी काढल्यानं जात नाही. चार नंबरवाला पुन्हा आलाच.

"आज घंटा नाही वाटतं?" त्यानं विचारलं.

"नाही," मी म्हणाले. "पण गाडी आहे."

दिवसभर मी उघड्या कानांनी ऐकत होते. बॉल गवतावर पडला की आवाज येत नाही. जाळीवर पडला की येतो, तिकडे न बघताही कळतं. प्रत्येक वेळी दीर खुर्चीतून अर्धे उठायचे आणि परत बसायचे. मी टाळी वाजवली नाही. माइक माझ्या हाताशी होता, तरी थांबा असंही म्हणाले नाही. ते मी म्हणायला हवं होतं का, हे मी कुणाला विचारणार नाही.

रात्री जेवायला बसलो तेव्हा नवऱ्याचा उजवा अंगठा सुजून निळा झाला होता. तो डाव्या हातानं घास तोडायचा प्रयत्न करत होता. जाऊबाईंनी त्याचं ताट जवळ ओढलं आणि तुकडे करून दिले. दीर बराच वेळ ताटातलं नुसतं इकडचं तिकडे करत राहिले. मग त्यांनी हातातला घास खाली ठेवला.

"मी काय म्हणतो," त्यांनी सुरुवात केली, "ती गाडी आता बदललीच पाहिजे. उद्याच्या उद्या. ठिगळांची गाडी ती, याला काही झालं तर?"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. नवराही. इतक्या दिवसांत पहिल्यांदाच त्यानं ताटातून मान वर काढली होती.

"जेवताना गाडीचा विषय नको, भाऊजी," मी म्हणाले. "तुम्हाला पचत नाही."

आणि मी आणखी वाढून घेतलं.