खुर्चीवरचं कासव

शुक्रवारी चार वाजले की लोअर परळच्या त्या काचेच्या हापिसात टाळ्या वाजायच्या. आठवडाभरात जागेवरून सर्वांत जास्त वेळा जो उठला, त्याच्या टेबलावर प्लॅस्टिकचं हिरवं कासव ठेवायचं, भोवती उभं राहून टाळ्या पिटायच्या, फोटो काढून ग्रुपवर टाकायचा. याला म्हणे एकाग्रता वाढवणं म्हणतात! शाळेत अंगठे धरून उभं करायचे ते परवडलं.

कासव ठेवायचं काम टीम लीडर अनुजाचं. परळच्या चाळीत वाढलेली पोर, पण हापिसात तिचा दबदबा. आपल्याकडे कासव कधीच आलं नाही, याचा तिला कोण अभिमान! युक्ती साधी होती. बाथरूमला उठायला लागू नये म्हणून दिवसभर पाणी प्यायचंच नाही, घसा अगदीच सुकला तर एखादा घोट. निम्म्या बायका हेच करत होत्या आणि एकमेकींना अवाक्षर सांगत नव्हत्या.

श्रेया अनुजाच्या शेजारच्या खोलीतली. अनुजानेच तिला इथे चिकटवलं होतं. श्रेयाला पाचवा महिना लागला, तिचं उठणं वाढलं आणि लागोपाठ दोन शुक्रवार कासव तिच्याकडे आलं. सोमवारी ती रडवेली होऊन आली.

"ताई, परत माझंच नाव आलं तर कन्फर्म करणार नाय, बोलले नीलसाहेब. काय करू गं?"

"पाणी कमी पी," स्क्रीनवरची नजर न काढता अनुजा म्हणाली. "मी तेच करते. होते सवय."

श्रेयाने ऐकलं, अगदी मन लावून ऐकलं. पुढच्याच आठवड्यात, बुधवारी, तिला सणकून ताप भरला आणि कंबर धरून ती टेबलावरच कलंडली.

शुक्रवारी सकाळी अनुजा हॉस्पिटलात गेली. श्रेयाचं लघवीचं इन्फेक्शन किडनीपर्यंत पोचलं होतं. बाळाचं डॉक्टर काहीच सांगत नव्हते. श्रेयाची सासू मालन बाहेर बाकड्यावर बसली होती.

"अगो अनुजा, रोज बाटली भरून देतंय, ती तशीच भरलेली परत येता. माका वाटला, हापिसात थंड पाणी मिळत असतला. पोरगी पाणीच पीत नव्हती, माका कळला कसा नाय गो!"

ते अनुजानेच शिकवलं होतं. कोणत्या तोंडाने सांगणार होती?

हापिसात चार वाजले. नीलसाहेब केबिनमधून हसतच बाहेर आले.

"चल अनुजा, कासव."

"कोणाला, सर?"

"श्रेयालाच. बुधवारपासून ती जागेवर नाहीच. नियम सगळ्यांना सारखा. खुर्चीवर ठेव, फोटो काढू. बाकीच्यांना जरा मेसेज जातो."

शी! रिकामी खुर्ची, तिच्या पाठीला श्रेयाची ओढणी अजून लटकलेली, आणि हे बोलताना माणसाची जीभ अडखळत नाही. त्याहून कहर म्हणजे कोपऱ्यात कोणीतरी सवयीने टाळ्या सुरूही केल्या.

हातातल्या कासवाची अनुजाला शिसारी आली. स्वतःची तर त्याहून जास्त.

"सर, ती हॉस्पिटलात आहे. पाणी न पिऊन, मूत दाबून दाबून तिच्या किडनीची वाट लागलीय."

नीलसाहेबांनी नाक मुरडलं. "अनुजा, लँग्वेज!"

"शब्दाची घाण वाटली, सर? मला या कासवाची वाटते, आणि माझी. पाणी पिऊ नको, हे तिला मी शिकवलं. पोटुशी बाई ती! यापुढे हे मी कोणापुढे ठेवणार नाही. काढायचं तर काढा."

तिने कासव कचऱ्याच्या डब्यात टाकलं. शेजारणीची भरलेली बाटली उचलली, गटागटा रिकामी केली आणि सगळ्यांदेखत बाथरूमकडे चालू लागली. टाळ्यांसाठी वर आलेले हात तसेच राहिले.

बाळाचं डॉक्टर अजूनही काही सांगत नाहीत. ते वाचेल ना, असं तुम्ही विचाराल. जरूर विचारा. पण आधी हे सांगा, तुमच्या हापिसात असं कोणाला उभं करून हसतात, तेव्हा तुमचे हात कुठे असतात?